मधली भिंत दोन फूट

सोमवार, ३ नोव्हेंबर

माझ्या हातानं केलेल्या ज्या वस्तू आज या खोलीत उतरवल्या त्या अशा: एक पलंग, सव्वासहा फूट लांब, एकही खिळा नसलेला, सगळे सांधे खुंटीचे. एक टेबल. एक स्टूल, जे वीस वर्षांत एकदाही कुरकुरलेलं नाही. एक लाकडी कंपास, टोकाच्या जागी रबराची गुंडी आणि दुसऱ्या पायात खडू. दोन गुण्ये, एक कोनमापक. आणि तीन फुटांची सागवानी मोजकाठी. तिच्यावरची एकेक रेघ मी भिंगातून पाहून कोरली आहे. दुकानातली पट्टी आणि माझी काठी यांत फरक पडला तर चूक पट्टीची असते, हे मी बऱ्याच जणांना दाखवून दिलं आहे.

ही नोकरी मला याच सामानामुळे मिळाली. तुरुंगात लोखंड आणि टोकदार काहीही आत नेता येत नाही. बाकीचे उमेदवार पदव्या आणि पोलादी कंपास घेऊन आले होते. कंपास फाटकावर राहिले, पदव्या आत गेल्या. माझ्याकडे पदवी नाही. सुतारकामाच्या कारखान्यात राबता राबता बीजगणित आणि भूमिती माझी मीच शिकलो. अधीक्षकांनी कंपास उघडून फळ्यावर वर्तुळ काढलं, मग पुन्हा एक काढलं, आणि उद्यापासून या म्हणाले.

खोली उत्तम आहे. जुन्या कोठाराचे दोन भाग केले आहेत. मोठ्या भागात वर्ग, लहान भागात मी. मध्ये एक भिंत. माझी खोली बारा फूट लांब, आठ फूट रुंद. दार लांबीच्या बाजूला, व्हरांड्यात उघडणारं, मधल्या भिंतीपासून सर्वांत लांबच्या कोपऱ्यात, त्या टोकाच्या भिंतीपासून अर्ध्या फुटावर. खिडकी समोरच्या बाजूला, मधल्या भिंतीपासून एक फूट सोडून. पलंग लांबीत लावला. ही इथं असती तर म्हणाली असती, आता तरी खिडकीखाली लावा. वर्ष होऊन गेलं तिला जाऊन. पलंग तोच आहे.

मंगळवार, ४ नोव्हेंबर

पहिला वर्ग. अकरा जण. नावं विचारायची नाहीत असा नियम नाही, पण इथं कुणी नावानं ओळखलं जात नाही. पुढे बसतो तो गवंडी. साठीचा, हाताची नखं जाड, बोलणं कमी. त्याच्या शेजारी एक चुरचुरीत माणूस, खोटे शिक्के करून आत आलेला. त्याला सगळे दीडशहाणा म्हणतात आणि त्याला ते आवडतं. वजाबाकीपासून सुरुवात करू म्हटल्यावर तो म्हणाला की मास्तर, वजाबाकी आम्ही उठल्या उठल्या करतो, तुम्ही बेरीज शिकवा, ती आमची सवय सुटली आहे. सगळे हसले. मीही हसलो असेन.

संध्याकाळी कुलपं लावण्याआधी पहारेकरी दांडका घेऊन फिरतो. गज कुणी कापला आहे का, दगड कुठे सैल झाला आहे का, हे तो ठोकून आवाजावरून ओळखतो. म्हणून त्याचं नाव टकटक्या. ठोकतो आणि मोठ्यानं सांगत जातो: गज ठीक, कडी ठीक, कोयंडा ठीक. माझ्या खोलीत येऊन त्यानं मधल्या भिंतीवर दांडका मारला आणि म्हणाला, मधली भिंत दोन फूट. बाकी कुठल्याच भिंतीचं माप तो सांगत नाही. विचारलं तर म्हणाला, इथं असंच म्हणतात.

गुरुवार, ६ नोव्हेंबर

आज माझा ठेवणीतला धडा घेतला. ज्या गोष्टीच्या आत शिरता येत नाही ती कशी मोजायची? मधली भिंत घ्या. तिला कडा नाही, तिची जाडी काठी लावून मोजता येत नाही. पण काढता येते. अधीक्षकांच्या परवानगीनं अकराही जण अंगणात नेले. इमारतीची बाहेरची लांबी त्रेचाळीस फूट. वर्ग आतून चोवीस. माझी खोली बारा. टोकाच्या दोन भिंती, त्या दारापासून कोपऱ्यापर्यंत आतून-बाहेरून मोजून काढल्या, प्रत्येकी दोन, म्हणजे चार. आता राहिलं ते मधल्या भिंतीचं. पोरासोरांना जमेल असं गणित.

पाट्या गोळा केल्या. अकराही पाट्यांवर उत्तर दोन.

तीन हवं. त्रेचाळिसातून चाळीस गेले तर तीन उरतात, हे दीडशहाण्याला तरी यायला हवं होतं. पायऱ्या सगळ्यांच्या बरोबर होत्या, शेवटच्या ओळीत मात्र सगळ्यांनी दोन लिहिलं होतं. एकानं केलं आणि दहांनी उतरवलं, दुसरं काय! मी चिडलो नाही. हल्ली मला चिडता येत नाही. पाट्या पुसून परत दिल्या.

शुक्रवार, ७ नोव्हेंबर

पुन्हा तेच. अकरा वेळा दोन. गवंड्याला उभं करून विचारलं की तू आयुष्यभर भिंती बांधल्यास, तुझे डोळे काय सांगतात? तो खाली बघून म्हणाला, भिंत दोनच आहे मास्तर. मी फळ्यावर मोठ्या अक्षरांत तीन लिहिलं आणि प्रत्येकाला ते पाटीवर लिहायला लावलं. गवंड्यानं सर्वांत शेवटी लिहिलं. खडू हातात घेऊन बराच वेळ बसला होता. मला वाटलं आकडा विसरला.

मग कार्यालयात जाऊन अधीक्षकांना सांगितलं की तुमचा पहारेकरी रोज चुकीचं माप ओरडतो आणि त्यामुळे माझे विद्यार्थी बिघडतात. त्यांनी नकाशा काढून दाखवला. नकाशातही दोन. मी म्हटलं, नकाशाही चूक आहे. त्यांनी नकाशाची गुंडाळी केली. मग म्हणाले, तुमची इच्छा. टकटक्याला बोलावून आजपासून ते वाक्य बंद म्हणून सांगितलं. त्यानं माझ्याकडे पाहिलं नाही.

ही म्हणायची, तुमचं नेहमी बरोबरच असतं, म्हणून तर घरात बोलायला कुणी उरलं नाही. थट्टेत म्हणायची.

सोमवार, १० नोव्हेंबर

दुपारी जेवून पडलो होतो. मधल्या भिंतीतून आवाज. आधी टक्, मग काहीतरी सरकल्याचा, पुन्हा टक्. वर्ग रिकामा होता, जाऊन पाहिलं. हा आवाज मला पाठ आहे. काठी ठेवायची, टोकाशी बोट धरायचं, काठी पुढे सरकवायची. कुणीतरी मोजत होतं.

खात्रीसाठी खोली पुन्हा मोजली. साडेअकरा.

बुधवार, १२ नोव्हेंबर

काठी तपासली. काठीत दोष नाही. परवा मी मोजताना चुकलो असेन असं लिहिणार होतो, पण तसं लिहिण्यात अर्थ नाही. मी चुकत नाही. आज अकरा. खिडकी आणि मधली भिंत यांत एक फूट जागा होती, तिथं आता बोटही जात नाही. चौकट दगडाला चिकटली आहे.

वर्गातून मोजलं तर चोवीसच्या चोवीस. बाहेरून त्रेचाळीस. म्हणजे भिंत चार. फळ्यावरचं तीन पुसून चार लिहिलं. दीडशहाण्यानं आज एकही विनोद केला नाही.

शुक्रवार, १४ नोव्हेंबर

दहा. भिंत पाच. खिडकीचा एक गज भिंतीत गेला आहे. भेग नाही, भुगा नाही, गिलाव्यावर ओरखडा नाही. काम इतकं सफाईदार की पाहत राहावं.

अधीक्षक स्वतः येऊन गेले. दुसरी खोली देतो म्हणाले, फाटकाजवळची, आजच हला. मी म्हटलं, हलतो, पण आधी नकाशात दुरुस्ती करून सही द्या की भिंत दोन नाही. ते म्हणाले, मास्तर, ते सोडून काहीही मागा. मी म्हटलं, मला दुसरं काही नको. खरंच नको होतं.

रविवार, १६ नोव्हेंबर

कार्यालयात लेकीचा फोन आला. ती दवाखान्यात परिचारिका आहे. माणसाचा आवाज ऐकून ताप सांगते. बाबा, तुम्ही बातम्या वाचल्यासारखं बोलताय म्हणाली. आई गेली तेव्हाही असंच बोलत होतात. जेवण, झोप, कपडे विचारून झाल्यावर खोली कशी आहे म्हणाली. नऊ बाय आठ, असं सांगितलं. ती म्हणाली, पहिल्या दिवशी तर बारा म्हणाला होतात. ती माझीच लेक, आकडा विसरत नाही. येत्या रविवारी येते म्हणाली. न्यायला येते, असं म्हणाली.

सोमवार, १७ नोव्हेंबर

आठ बाय आठ. खोली चौरस झाली. वर्गात चौरसाचं क्षेत्रफळ घेतलं, उदाहरण हाताशीच होतं. कुणी वर पाहिलं नाही.

आवाज आता वर्ग चालू असतानाही येतो. टक्, सरक, टक्. सगळ्यांना ऐकू येतो. कुणी म्हणत नाही ऐकू येतो.

मंगळवार, १८ नोव्हेंबर

वर्ग सुटल्यावर गवंडी मागे राहिला. टकटक्यानं त्याला राहू दिलं, स्वतः दाराशी पाठ करून उभा राहिला. गवंडी जे बोलला ते सरळ लिहून ठेवतो.

माझ्याआधी इथं एक मास्तर होते. तेही याच खोलीत. त्यांनीही हाच धडा घेतला. तेव्हा भिंत खरोखर दोन फूट होती, पण त्यांच्या मोजण्यात चार बोटं जास्त आली, आणि त्यांनी ती लिहिली. दुसऱ्या दिवशी भिंत चार बोटं जास्त होती. त्यांना वाटलं आपलं बरोबर होतं. मग ते रोज मोजू लागले. एक दिवस वर्ग भरला आणि मास्तर आले नाहीत. व्हरांड्यातून त्यांचं दार उघडलं तर आत दगड. चौकटीपासून चौकटीपर्यंत.

तेव्हा कैद्यांतल्याच कुणीतरी म्हणायला सुरुवात केली, भिंत दोन फूट. मग सगळे म्हणू लागले. कैदी, पहारेकरी, अधीक्षकही. रोज. भिंत मागे सरकत गेली, बोटाबोटानं. वर्षभरानं खोली बारा फूट झाली. तेरा व्हायला हवी होती. शेवटचा एक फूट परत आला नाही.

मी विचारलं, का?

गवंडी म्हणाला, "माणूस कुशीवर वळून उभा राहिला ना मास्तर, तर एका फुटात मावतो."

मग म्हणाला की तुमचं तीन बरोबरच होतं, आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. पण ते लिहायचं नसतं.

खोली सात. तो गेल्यावर मोजली. त्यानं नको म्हटलं होतं. पण मोजल्याशिवाय कळणार कसं?

बुधवार, १९ नोव्हेंबर

सहा. पलंग सव्वासहा. सकाळी उठलो तेव्हा पायाकडची फळी भिंतीला टेकून वाकली होती. सांधे सोडून पलंग उतरवला. हा पलंग मी लग्नाआधी केला, आणि त्याच्या खुंट्या आज पहिल्यांदा काढल्या. हिच्या बाजूची उशाची खुंटी घासून गुळगुळीत झालेली निघाली. ती झोपेत तिला हात लावून ठेवायची. मला माहीत नव्हतं.

दोन्ही लांब पट्ट्यांचे टेकू केले. मधली भिंत ते टोकाची भिंत, जमिनीला समांतर, पाचर ठोकून. सुतार दुसरं काय करणार.

वर्ग बंद. अधीक्षकांचा आदेश.

गुरुवार, २० नोव्हेंबर

टेकू दुपारी तुटले. बंदुकीसारखा आवाज. टकटक्या धावत आला. माझं काम मोडलेलं मी आजवर पाहिलं नव्हतं. पाहिलं. काही वाटलं नाही.

साडेचार. खिडकी नाही.

शुक्रवार, २१ नोव्हेंबर

साडेतीन. भिंत दाराच्या चौकटीला लागली. टेबल व्हरांड्यात काढलं. कंपास, गुण्ये, कोनमापक, स्टूल, सगळं बाहेर दिलं. टकटक्यानं एकेक वस्तू दोन्ही हातांनी घेतली.

मग मीही बाहेर आलो. दार उघडं होतं. व्हरांड्यात उभा राहिलो, ऊन होतं, समोर अंगण. टकटक्या म्हणाला, आता आत नका जाऊ मास्तर. मी म्हटलं, काठी आत राहिली आहे.

काठी घेतली. हातात आहेच तर एकदा मोजून घेऊ म्हटलं. लांबीत मावेना, तिरपी लावली—

मग बाहेर जायचं राहून गेलं. नाही, तसंही नाही. बाहेर जाऊन काय सांगायचं होतं? अकरा जणांसमोर?

शनिवार, २२ नोव्हेंबर

दोन. बसता येत नाही नीट. उभा असतो. दार दीड फूट उरलं आहे, त्यातून पाणी देतात. अंगानं आडवा झालो तर अजून निघेन.

वर्गात सगळे जमले आहेत. भिंतीपलीकडून ऐकू येतं. दोन फूट, दोन फूट, एका सुरात, पाढे म्हणतात तसं. दीडशहाण्याचा आवाज सर्वांत वर. भिंत हलत नाही. मागेही नाही. गवंडी दाराशी येऊन म्हणाला, आमच्या म्हणण्यानं होणार नाही, ज्यानं लिहिलं त्यानं म्हटलं पाहिजे.

आतला मोजतो आहे. कान लावून ऐकलं. चार काठ्या आणि वर एक फूट. तेरा.

माझंही तेरा. त्याचं आणि माझं जुळलं. इतक्या दिवसांत पहिल्यांदा बरं वाटलं.

रविवार, २३ नोव्हेंबर

पाऊण फूट. कुशीवर आहे. तोंड टोकाच्या भिंतीकडे. वही नाकासमोर, दगडाला टेकवून—

दाराची फट तीन बोटं. लेक आली. तिची बोटं आत आली आहेत, माझ्या बाहीला धरलं आहे. हात तिच्या आईसारखे—

गवंडी पहार घेऊन वर्गाकडून फोडतो आहे. अधीक्षकांनी लोखंड आत आणू दिलं. नुसता दगड निघतो म्हणतात—

आवाज थांबला. आतला मोजत नाही आता. अगदी पाठीशी आहे. वाट पाहतो आहे, माझं उत्तर—

फळा दाराशी आणला आहे. खडू फटीतून माझ्या हातात दिला. फक्त एक आकडा.

लेक म्हणाली, "बाबा, दोन लिहा. तुम्ही बरोबर आहात हे मला माहीत आहे. माझ्यासाठी एकदा चूक करा."

रडते आहे. मला कळतं आहे की रडते आहे. कळतं एवढंच—

लिहिता आलं असतं. हात पोचत होता. खडू पडू दिला.

बोटं काढून घे म्हटलं तिला. काढली. चिमटली नाहीत. ते एक बरं—

उजेड गेला. अक्षर दिसत नाही. हिशेब तोंडी येतो. त्यांनी देऊ केलं ते एवढंच, की दोन लिहा आणि बाहेर या. मी नाही म्हटलं. बाहेरून त्रेचाळीस. त्यातून वर्ग चोवीस. टोकाच्या भिंती चार. राहिले पंधरा. त्यातून माझी खोली, पाऊण. उत्तर सव्वाचौ—